सातवा परिच्छेद

१

समोरचे वकील उठले तेच हसत. गृहस्थ एरवी तासभर बोलल्याशिवाय खाली बसत नसत, पण त्या दिवशी म्हणाले की आपल्याला फारसं काही सांगायचंच नाही, अर्जदार बाईंच्याच साक्षीदाराचं प्रतिज्ञापत्र तेवढं वाचून दाखवतो. आणि त्यांनी चष्मा पुसून, घसा साफ करून, सातवा परिच्छेद सावकाश वाचला.

"'ज्या दिवशी दोन भावांमध्ये खोल्यांचं बोलणं झालं, त्या दिवशी मी तिथे हजर नव्हतो. मागच्या दोन खोल्या वाटणीत कायमच्या दिल्याचं मला धाकट्या भावाने नंतर सांगितलं. थोरल्या भावाच्या तोंडून मी ते कधीही ऐकलेलं नाही.'"

मागच्या बाकावर ताईच्या तोंडचं पाणी पळालं. ताई म्हणजे अर्जदार बाईंच्या वकीलसाहेबांकडची टायपिस्ट. अठ्ठावीस वर्षं त्याच खुर्चीवर बसल्यामुळे कोर्टातल्या शिपायापासून लघुलेखकापर्यंत सगळे तिला ताईच म्हणत. शेजारी बसलेली अर्जदार बाई तर तिला जन्मापासून ताई म्हणत होती, कारण ती तिची सख्खी धाकटी बहीण होती.

धाकटीचा नवरा जाऊन तीन वर्षं झाली होती. मोठ्या दिरांच्या घरामागच्या दोन खोल्यांत ती राहत होती. एका खोलीत शिलाई मशीन, दुसरीत संसार. या खोल्या नवऱ्याच्या वाटणीच्या, असं ती म्हणत होती. मी दया म्हणून राहू दिलं होतं, असं दीर म्हणत होते, आणि आता त्यांना त्या रिकाम्या हव्या होत्या. दाव्याचा निकाल लागायला वर्षं जाणार, म्हणून तोवर दिरांनी बाहेर काढू नये असा मनाई हुकूम तिने मागितला होता. अशा अर्जात साक्षीदाराला पिंजऱ्यात उभं करत नाहीत, त्याच्या प्रतिज्ञापत्रावरच भागतं. धाकटीकडे ते एकच होतं, शेजारच्या कंपाउंडरकाकांचं. आणि काका ते केल्यानंतर पंधरा दिवसांत, झोपेतच गेले होते.

न्यायाधीशांनी कागद उलटसुलट पाहिला, वकीलसाहेबांकडे पाहिलं आणि खुलासा करायला गुरुवारपर्यंतचा वेळ दिला. धाकटीने ताईचा हात घट्ट धरला होता. काका असं कसं म्हणाले, एवढंच ती पुन्हा पुन्हा विचारत होती.

तो परिच्छेद तिने स्वतःच्या हाताने टाइप केला होता, आणि नेमका उलटा केला होता.

२

वकीलसाहेबांनी ऑफिसची प्रत टेबलावर ठेवली. तिच्यात सातवा परिच्छेद ताईचा होता: 'त्या दिवशी मी स्वतः तिथे हजर होतो. मागच्या दोन खोल्या धाकट्याला कायमच्या दिल्याचं थोरल्या भावाने माझ्यासमोर सांगितलं.'

"टाइप तू केलंस," साहेब म्हणाले. "पहिला संशय कुणावर येईल?"

"माझ्यावर."

"बहीण तुझी आहे म्हणून तो टिकणार नाही. मग पान कुणी बदललं ते शोध. बदललं एवढं जरी सिद्ध झालं, तरी चौकशी होईपर्यंत खोल्या वाचतील. नाहीतर शुक्रवारी कुलूप."

साहेबांना शोधाशोध कधीच जमली नव्हती. ते फक्त बोलायचे, आणि बोलायचे चांगलं. म्हणून ताईच रेकॉर्ड विभागात गेली, ओळखीच्या कारकुनाला गळ घातली आणि मूळ प्रतिज्ञापत्र खिडकीच्या उजेडात धरून बसली.

प्रतिज्ञापत्र कसं असावं हे तिला झोपेतून उठवून विचारलं तरी सांगता आलं असतं. शपथ घेणारा माणूस स्वतः नोटरीसमोर हवा. तो तोच आहे हे ओळखणारं कुणीतरी हवं. मजकूर त्याला समजलेला हवा, प्रत्येक पानावर त्याची सही हवी, खाडाखोड असेल तिथे छोटी सही हवी. शिक्का, तारीख, नोंदवहीचा क्रमांक हवा. आणि शेवटी, यातलं किती आपल्या डोळ्यांचं आणि किती दुसऱ्याकडून कळलेलं, ते लिहिलेलं हवं. तिने एकेक गोष्ट तांदूळ निवडावेत तशी निवडली. एकही खडा सापडला नाही. काकांच्या सह्या खऱ्या होत्या, तिन्ही पानांवर, त्याच निळ्या शाईत.

तरी दुसरं पान तिचं नव्हतं. ती परिच्छेदाच्या आकड्यापुढे नेहमी कंस करायची. या पानावर टिंबं होती. पानाच्या डाव्या बाजूला छपाईची एक बारीक करडी रेघ वरपासून खालपर्यंत गेली होती, तशी तिच्या प्रिंटरची कधी येत नसे. पहिल्या पानाच्या कोपऱ्यात टाचणीची दोन भोकं होती, म्हणजे तिथे काहीतरी टाचलेलं होतं आणि ते कुणीतरी काढलं होतं. शेवटच्या पानावर 'सर्व मजकूर माझ्या स्वतःच्या माहितीचा आहे' या तिच्या वाक्यात कुणीतरी पेनाने 'परिच्छेद सात सोडून' असं घातलं होतं आणि बाजूला काकांची छोटी सहीसुद्धा घेतली होती. ज्याने केलं त्याने फारच काळजीपूर्वक केलं होतं.

शिक्क्याखाली नोटरीने वेळही लिहिली होती, अकरा दहा ते बारा पाच. एका प्रतिज्ञापत्राला पंचावन्न मिनिटं कुणी लावत नाही. ऑफिसचे नेहमीचे नोटरी तर पंचावन्न मिनिटांत पंचावन्न माणसं काढत. पण त्या आठवड्यात त्यांच्या डोळ्याचं ऑपरेशन होतं आणि काम नव्या नोटरीबाईंकडे गेलं होतं. या बाई प्रत्येक कागद मोठ्याने वाचून दाखवतात म्हणून सगळं कोर्ट त्यांना 'वाचनालय' म्हणत असे आणि शक्यतो टाळत असे.

ताईच्या हातून निघाल्यावर कागद तिघांकडे गेला होता. साहेबांचा कारकून, काकांना घेऊन आलेला त्यांचा मुलगा आणि वाचनालय. तिघांपैकी एकाने तिच्या बहिणीचं घर बुडवलं होतं.

३

साहेबांच्या कारकुनाला सगळे भिंगरी म्हणत. पन्नाशीचा माणूस, पण जिन्यावरून नेहमी धावतच खाली येणार. ताईने त्याला कँटीनच्या बाकावर पकडलं आणि काकांच्या शपथेच्या वेळी तो कुठे होता ते विचारलं. तो म्हणाला, कुठे म्हणजे काय, काकांच्या शेजारी, अगदी शेवटपर्यंत.

ताईने ऑफिसची आवक-जावक वही उघडून त्याच्यासमोर ठेवली. त्याच दिवशी एक अपील दाखल झालं होतं, भिंगरीच्याच हाताने, आणि पोचेवर काउंटरचा शिक्का होता अकरा पंचविसाचा. काउंटर नोटरीच्या खोलीपासून दोन इमारती पलीकडे.

"तू काय दोन ठिकाणी होतास?"

भिंगरीने आधी कावराबावरा चेहरा केला, मग हात जोडले. असं सगळेच करतात, तो म्हणाला, म्हाताऱ्या माणसाला बसवायचं आणि बाकीची कामं उरकायची. काकांना त्यांच्या मुलाच्या स्वाधीन करून तो गेला होता. परत आला, तयार कागद उचलला आणि थेट दाखल केला, कारण त्या दिवशी मुदतीचा शेवटचा दिवस होता.

ताईने टाचणीच्या भोकांचं विचारलं. होती एक चिठ्ठी, तो म्हणाला. काउंटरवर चिठ्ठ्या लावलेले कागद घेत नाहीत, म्हणून काढून टाकली. काय लिहिलं होतं ते त्याने वाचलं नव्हतं. नोटरीबाई काहीतरी सांगतही होत्या, पण त्या सगळ्यांनाच सगळं सांगत असतात, म्हणून तो हो हो म्हणत निघाला होता.

ताईने वही खाडकन मिटली. अठ्ठावीस वर्षं ती या माणसाबरोबर चहा पीत आली होती.

"ताई, एक सांगू?" भिंगरी खालच्या आवाजात म्हणाला. "मी परत आलो तेव्हा काकांचा मुलगा दारातच उभा होता. मला आत जाऊ देईना. त्याचे डोळे लाल झाले होते."

४

काकांचा मुलगा पंखे दुरुस्त करत असे. दुकान म्हणजे एक खण, त्यात उघडलेले पंखे आणि तांब्याच्या तारेची वेटोळी. हा मुलगा दर रविवारी मोठ्या दिरांबरोबर कॅरम खेळतो हे अख्ख्या गल्लीला माहीत होतं, आणि तिकडे जाताना ताईच्या मनात शंकेची पाल चुकचुकत होती.

त्याने तिला बसायला स्टूल दिलं, पण तारेवरची नजर काही उचलली नाही. बाबा गेले, आता राहू द्या, एवढंच म्हणाला. ताईने दुसरं पान विचारलं, करडी रेघ विचारली, टिंबं विचारली. तो ताकास तूर लागू देईना. शेवटी तिचा तोल गेला आणि तिने त्याला तोंडावर विचारलं की दिरांनी त्याला काय सांगून पाठवलं होतं.

तेव्हा मात्र त्याने हातातली पकड खाली ठेवली.

"माझ्या बाबांनी आयुष्यभर लोकांना औषधं मोजून दिली, ताई. एक थेंब इकडचा तिकडे नाही. त्यांच्या सहीचा कागद मी बदलीन?"

"मग सांग ना, काय झालं आत?"

"धाकटीला कळता कामा नये असं बाबांनी मला बजावलंय. म्हणाले, पोर खचेल. वकील काय ते बघून घेतील." मग त्याने तारेचं वेटोळं बाजूला सारलं. "तुम्ही नोटरीबाईंकडे जा. तो कागद त्यांनी ठेवून घेतलाय."

"कुठला कागद?"

"तुम्ही टाइप केलेला."

५

वाचनालयाची खोली तिसऱ्या मजल्यावर होती. एक टेबल, दोन खुर्च्या, गुडघ्याएवढा प्रिंटर. ताई दारातच थबकली. भिंतीवर 'आपला कागद आधी वाचा' अशी छापील सूचना लावली होती आणि तिच्या डाव्या कडेने वरपासून खालपर्यंत एक बारीक करडी रेघ गेली होती.

म्हणजे पान इथेच बदललं होतं. इतके दिवस दिरांवर, भिंगरीवर, काकांच्या मुलावर साचवलेला सगळा संताप एकाच बाईवर रोखला गेला. ताईने काही आडपडदा न ठेवता विचारलं, "सातवा परिच्छेद तुम्ही बदललात?"

"हो," नोटरीबाई म्हणाल्या. वय तिशीचं, आवाज सतत वाचून बसलेला. "चिठ्ठी लावली होती मी. वकीलसाहेबांना मिळाली नाही का?"

त्यांनी कपाटातून एक पाकीट काढलं. आत ताईचं दुसरं पान होतं, कंसांसकट, तिरप्या रेघेने रद्द केलेलं. रेघेवर काकांची सही होती. आणि सातव्या परिच्छेदाशेजारी, समासात, औषधाच्या बाटलीवर लिहावं तसं सुटं सुटं अक्षर होतं: 'मी हजर नव्हतो.'

ताई खाली बसली.

नोटरीबाईंनी काहीही न लपवता सांगितलं. त्यांनी पहिल्या पानापासून वाचायला सुरुवात केली, काका मान डोलवत होते. सातव्या परिच्छेदाशी मान थांबली. तेव्हा त्यांनी विचारलं की काका, हे तुम्ही डोळ्यांनी पाहिलंत, की कुणी सांगितलं? काकांनी आधी मुलाकडे पाहिलं. मुलगा म्हणाला, बाबा, लिहिलंय तसंच असू द्या. काका त्याला म्हणाले, तू बाहेर जा.

"मग म्हणाले, बाई, हे आधी कुणी मला विचारलंच नाही," नोटरीबाई म्हणाल्या. "रडत होते. धाकटीच्या नवऱ्यावर त्यांचा पूर्ण विश्वास होता, खोल्या त्याच्याच याबद्दल शंका नव्हती. पण पाहिलं म्हणायला ते तयार होईनात. मी म्हटलं, सही न करता परत जा. तर म्हणाले, आज शेवटचा दिवस आहे, कागदच गेला नाही तर पोरीचं काय? जेवढं खरं आहे तेवढं तरी जाऊ दे."

ताईला प्रतिज्ञापत्राआधीची ती दुपार लख्ख आठवली. ती काकांच्या घरी वही घेऊन गेली होती. खोल्यांचं काय, असं तिने विचारलं, आणि काका म्हणाले होते, 'खोल्या त्याच्याच. सगळ्या गल्लीला ठाऊक आहे.' एवढंच. मी होतो, मी पाहिलं, मी ऐकलं, यातलं एक अक्षर ते बोलले नव्हते. ते तिच्या बोटांनी लिहिलं होतं. साक्षीदार म्हटला की 'मी स्वतः हजर होतो', ही तिची ठरलेली ओळ होती. हजारो माणसांना तिने असं हजर केलं होतं आणि नेहमीच्या नोटरींनी न वाचता शिक्के मारले होते. कुणी कधी हरकत घेतली नव्हती.

तिने विचारलं, "हे पान मला द्याल का?"

"कोर्टाने मागितलं तर कोर्टाला देईन," नोटरीबाई म्हणाल्या, आणि त्यांनाही वाईट वाटत होतं हे दिसत होतं.

६

बुधवारी संध्याकाळी ताईने साहेबांना सगळं सांगितलं, स्वतःला पाठीशी न घालता. पान बदललं होतं, पण ज्याची शपथ होती त्यानेच बदलून घेतलं होतं. करडी रेघ, टिंबं, भोकं, पंचावन्न मिनिटं, सगळ्याचा हिशेब लागत होता आणि त्यात चोर कुठेच नव्हता.

साहेबांनी प्रतिज्ञापत्रात एखादी तरी फट सापडते का पाहिलं. शपथेची ओळ? तिथे 'परिच्छेद सात सोडून' होतं. दुरुस्ती? सही होती. माहितीचा उगम? लिहिलेला होता, धाकट्या भावाने सांगितलं म्हणून. अशा तात्पुरत्या अर्जात ऐकीव गोष्ट चालते, पण कुणाकडून ऐकली ते सांगावं लागतं, आणि काकांनी तेही सांगितलं होतं. पण ज्याच्याकडून ऐकलं तो अर्जदाराचाच नवरा, म्हणजे वजन काही नाही.

"चाळीस वर्षांत इतकं निर्दोष प्रतिज्ञापत्र मी पाहिलं नाही," साहेब म्हणाले आणि त्यांनी कागद खाली ठेवला.

काका असते तर नवीन काही करता आलं असतं का, असं ताईने विचारलं. साहेब म्हणाले, काका असते तरी तेच म्हणाले असते.

गुरुवारी साहेब बोलले, चांगलं बोलले, आणि पान कुणी बदललं याबद्दल एक शब्दही बोलले नाहीत. न्यायाधीशांनी शांतपणे ऐकून घेतलं. मग लघुलेखकाला सांगितलं की खोल्या वाटणीत दिल्याचा प्रत्यक्ष माहितीचा एकही पुरावा समोर नाही, सबब अर्ज नामंजूर. दावा चालूच राहील, असंही ते म्हणाले. ताईला माहीत होतं की दावा म्हणजे आठ-दहा वर्षं.

७

धाकटीने शुक्रवारी सकाळीच आवराआवर सुरू केली होती. भांडी एका खोक्यात, कापडाचे तुकडे दुसऱ्यात. लोकांचे शिवायला आलेले कपडे नावाच्या चिठ्ठ्या लावून वेगळे ठेवले होते. ताई आल्यावर तिने मान वर न करता विचारलं, "कोण होतं ते, कळलं?"

रात्रभर ताईने वेगवेगळी उत्तरं जुळवली होती. भिंगरी म्हणावं, वाचनालय म्हणावं, नाहीतर काहीच कळलं नाही म्हणावं.

"मी," ती म्हणाली. आणि सगळं सांगून टाकलं. काकांनी सांगितलं नव्हतं ते मी लिहिलं. मी त्यांना विचारायला हवं होतं. मी विचारलंच नाही.

धाकटीने खोक्याची दोरी ओढून गाठ मारली. तिच्या चेहऱ्यावर राग नव्हता आणि ताईला तेच सहन होईना.

"काका नव्हतेच तिथे," धाकटी म्हणाली. "मला माहीत होतं."

"मग बोलली का नाहीस?"

"तू टाइप करून आणलंस. मला वाटलं, कोर्टात असंच लिहायचं असतं. तुला जास्त कळतं ना त्यातलं."

ताई भिंतीला टेकली. मग तिने तो प्रश्न विचारला, जो महिन्यापूर्वी या खोलीत विचारायला तिला अर्धं मिनिटसुद्धा लागलं नसतं.

"मग त्या दिवशी तिथे होतं कोण?"

"जाऊबाई."

"दिरांची बायको?"

"त्यांच्यासमोरच झालं सगळं. अर्ज केला तेव्हा त्यांचं आणि दिरांचं बोलणं बंद होतं, महिनाभर. मागच्या दाराने आल्या होत्या माझ्याकडे. म्हणाल्या, मी होते, मी ऐकलंय, सांग कुठे सही करायची. मी म्हटलं, नको जाऊबाई, तुमच्या घरात आणखी भांडण कशाला. ताईने काकांचं केलंय."

ताई भिंतीपासून सरळ झाली. अजून विचारता येईल, ती म्हणाली, मी आत्ता जाते, मी पाया पडते त्यांच्या.

धाकटीने नुसती मान हलवली. पुढच्या खोल्यांत कुणीतरी हसत होतं. मग जाऊबाईंचा आवाज आला, त्या नवऱ्याला सांगत होत्या की मागच्या खोलीला एक खिडकी वाढवता येईल, आपण दुपारी माप घेऊन बघू.

"समेट झालाय," धाकटी म्हणाली. "गेल्याच आठवड्यात."

ताईने डोळे पुसले. करण्यासारखं दुसरं काही नव्हतं, म्हणून तिने शिलाई मशीनचं एक टोक धरलं. धाकटीने दुसरं उचललं आणि म्हणाली, दाराशी जरा तिरपं घे, नाहीतर चाक अडकतं.